सुवर्णमहोत्सवातील सुवर्णगणित
(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी कार्यक्रमात पालकांसमोर केलेले भाषण)



गणितावर बोलण्याचा अधिकार आम्हांस नाही, हे प्रथमच सांगतो. आम्ही बी. ए. झालेले, उभी हयात केंद्र सरकारच्या फायली चाळण्यात गेली. तथापि मंडळाच्या रविवारच्या वर्गात दहावी-अकरावीच्या मुलांना शिकविण्याचे काम गळ्यात पडले आणि त्यातून आम्हीच जे शिकलो, ते आपल्यापुढे ठेवावे असे वाटते.

चिकपेट आणि लगतच्या नगरथपेटेच्या गल्ल्यांत सोने-चांदी गाळण्याच्या भट्ट्या आहेत. सांगली जिल्ह्यातील खानापूर, आटपाडी, तासगाव या तालुक्यांतून गलाईचा व्यवसाय घेऊन आपली माणसे देशभर गेली, तशी येथेही आली. त्यांची मुले आमच्या वर्गात असतात. घरी मराठी, रस्त्यावर कन्नड आणि पुस्तकात इंग्रजी अशा तीन घाटांचे पाणी ती पितात. पुस्तकात ‘रॅशनल फंक्शन’, म्हणजे परिमेय फलन, आले की ती मान खाली घालतात.

एका रविवारी आम्ही फळ्यावर प्रश्न घातला : शंभर ग्रॅम शुद्ध सोन्याचे अठरा कॅरट करावयाचे, तर तांबे किती घालावे? अठरा कॅरट म्हणजे शेकडा पंचाहत्तर शुद्ध. सबब उरलेले पंचवीस ग्रॅम तांबे, असे उत्तर आम्हीच मोठ्या आत्मविश्वासाने लिहून टाकले. मागच्या बाकावर एक गलाईवाल्याचा मुलगा बसला होता. बीजगणितात नापास झालेला, आणि आता भट्टीवरच बसवायचा असे घरी जवळजवळ ठरलेला. तो चाचरत म्हणाला, “काका, पंचवीसनं अठरा कॅरट होत नाही. तेहतीस ग्रॅम आणि वर थोडं लागतंय.”

मुलाचे बरोबर होते. पंचवीस ग्रॅम तांबे घातले की एकूण वजन सव्वाशे होते आणि शुद्धता शेकडा ऐंशी राहते. आम्ही अंशाकडे पाहिले. छेदही वाढतो, हे विसरलो. तांबे ‘क्ष’ ग्रॅम मानले, तर शुद्धता म्हणजे १०० भागिले (१०० + क्ष). हेच ते परिमेय फलन! ज्याला परीक्षेत ते जमले नाही, त्याला ते मुशीजवळ बसून पाठ होते. त्या दोहोंत पूल बांधणे एवढेच शिक्षकाचे काम होते आणि ते आम्ही केले नव्हते.

मग आम्ही त्याच्याकडूनच कोष्टक करविले. तांबे शून्य असता शुद्धता १००, पंचवीसला ८०, पन्नासला सुमारे ६७, शंभरला ५०. पहिल्या पंचवीस ग्रॅमने शुद्धता वीसने उतरली, दुसऱ्या पंचविसाने तेराने. आलेखावर सरळ रेषा न येता हळूहळू सपाट होत जाणारी वक्ररेषा आली.

दुसऱ्या रविवारी उलटा प्रश्न घेतला. शंभर ग्रॅम अठरा कॅरट सोन्यात शुद्ध सोने मिसळीत गेलो तर? शुद्धतेचे प्रमाण (७५ + क्ष) भागिले (१०० + क्ष). शंभर ग्रॅम मिसळता शेकडा साडेसत्त्याऐंशी. तीनशे मिसळता पावणेचौऱ्याण्णव. नऊशे मिसळता साडेसत्त्याण्णव. शंभर मात्र कधीच नाही. पुस्तकात ज्या रेषेला अनंतस्पर्शी म्हणतात, ती ही. तोच मुलगा उद्गारला, “म्हणून तर तेजाबात टाकून गाळावं लागतंय!” मिसळीने जे साधत नाही, त्यासाठीच त्याच्या वडिलांचा धंदा आहे, हे त्याला समीकरणातून दिसले.

हे गणित आपल्याला परके नाही. भास्कराचार्यांनी इ. स. ११५० मध्ये रचलेल्या ‘लीलावती’त सुवर्णगणित हे प्रकरणच आहे. त्यातील एका उदाहरणात तेरा, बारा, अकरा आणि दहा वर्णांचे सोने अनुक्रमे दहा, चार, दोन आणि चार मासे घेऊन एकत्र आटविले आहे. वर्ण व वजन यांच्या गुणाकारांची बेरीज २४०, वजन २०. म्हणून वर्ण बारा. गाळून वीस माशांचे सोळा उरले, तर वर्ण पंधरा. येथेही छेदच बदलतो. परंतु बारा मासे उरले असे धरले, तर सूत्र वीस वर्ण सांगेल. आणि सोळा वर्ण म्हणजेच शुद्ध सोने! सूत्राला हे कळत नाही, माणसाला कळावे लागते. पंधरा माशांच्या खाली जाता येत नाही, हे मुलाने स्वतः शोधले पाहिजे. भास्कराचार्यांचे ग्रंथ शिकविण्यासाठी त्यांचे नातू चांगदेव यांनी चाळीसगावजवळ पाटण येथे मठ स्थापिला, असे तेथील इ. स. १२०७ चा शिलालेख सांगतो. शिकविण्याची ही परंपरा आपलीच आहे.

म्हणून पालकांना आमची विनंती अशी. मुलाला सूत्र पाठ करावयास लावण्यापूर्वी तीन प्रश्न विचारा : छेदात काय आहे? ‘क्ष’ कोठवर जाऊ शकतो? आणि सूत्राने काय सोडून दिले आहे? भट्टीतली घट आमच्या समीकरणात नव्हती, ती मुलांनीच दाखवून दिली. सोने हवेच असेही नाही. ही स्मरणिकाच घ्या : छपाईचा एकवट खर्च प्रतींच्या संख्येने भागला की प्रत का स्वस्त होते, आणि कागदाच्या किमतीखाली ती का जात नाही, हे आपल्या कार्यवाहांना विचारा.

त्या मुलाला शाळेत ठेवावे की भट्टीवर बसवावे, हा प्रश्न त्याच्या घरी अद्याप सुटलेला नाही. आम्ही त्याच्या वडिलांना भेटलो; कोष्टकाची वही त्यांनी बराच वेळ चाळली आणि, “हे यानं लिहिलं?” एवढेच विचारले. भट्टी आणि शाळा यांत वैर नाही, एवढे जरी आपल्या मंडळाने पुढील काळात आपल्या मुलांना पटवून दिले, तरी हा महोत्सव खऱ्या अर्थाने सुवर्णाचा झाला असे आम्ही समजू.