राजवट पडते, त्यानंतरची वीस वर्षे

(विहाराच्या वर्धापनदिनी झालेले व्याख्यान)



वर्धापनदिनाला बाहेरून कोणी प्राध्यापक बोलवायची आपली रीत आहे. यंदा समितीने घरच्याच बाईला उभे केले. मी काही विदुषी नाही. पालिकेच्या शाळेत एकतीस वर्षे गणित शिकवले, एवढीच माझी पुंजी. तेव्हा बोलताना कुठे शाळेची सवय डोकावली तर सांभाळून घ्या.

विषय कसा निघाला ते आधी सांगते. २०२५ च्या सप्टेंबरमध्ये नेपाळात तरुण मुले रस्त्यावर आली आणि दोन दिवसांत तिथले सरकार गेले. आपल्या अभ्यासिकेतली मुले मोबाईलवर काठमांडूचा सिंहदरबार जळताना बघत होती. त्याआधी २०२२ मध्ये श्रीलंका झाली, २०२४ मध्ये बांगलादेश झाला. एक मुलगा मला म्हणाला, "बाई, पडली राजवट! झालं काम!" मी म्हटले, "काम आता कुठं सुरू झालंय, बाळा." तो हसला. त्याला ते म्हाताऱ्या माणसाचे बोलणे वाटले असणार. म्हणून आज मी एका बौद्ध देशाची हकीकत सांगणार आहे. जगातली एक अतिशय क्रूर राजवट तिथे एका दिवसात पडली आणि शांतता यायला वीस वर्षे लागली. तो देश म्हणजे कंबोडिया.

काही वर्षांपूर्वी आम्ही काही मंडळी तिकडे गेलो होतो. खरे तर अंकोर वाट बघायला. परत येताना नॉम पेन्ह या राजधानीच्या शहरात थांबलो आणि तिथे तुओल स्लेंग नावाची जागा बघितली. ती एक शाळा होती. तीन मजली इमारती, लांब व्हरांडे, समोर मैदान, अगदी आपल्या पालिकेच्या शाळेसारखी. वर्गात फळे अजून भिंतीवर आहेत. त्याच वर्गांत विटांच्या भिंती घालून एका माणसाला जेमतेम आडवे होता येईल अशा कोठड्या केलेल्या. वरच्या व्हरांड्यांना काटेरी तारेचे जाळे, कशासाठी, तर छळाला कंटाळून कैद्याने उडी मारून मरू नये यासाठी. मैदानात मुलांच्या कसरतीचा लाकडी सांगाडा होता, त्यालाच माणसे टांगत. बारा हजारांहून अधिक माणसे तिथून मरणाकडे गेली. जिवंत राहिली ती हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी.

या तुरुंगाचा प्रमुख होता डुच. तो आधी काय होता ठाऊक आहे? गणिताचा शिक्षक. मी त्या वर्गात उभी राहिले आणि मला फळ्याकडे बघवेना.

आता थोडा इतिहास, भराभर सांगते. ख्मेर रूज या पॉल पॉटच्या संघटनेने १७ एप्रिल १९७५ रोजी नॉम पेन्ह घेतले. थोड्याच दिवसांत लाखो लोकांना शहराबाहेर हाकलले, दवाखान्यातल्या रोग्यांसकट. पैसा बंद, बाजार बंद, शाळा बंद. भिक्खूंना ते परोपजीवी म्हणत. देशात सुमारे साठ हजार भिक्खू होते, त्यांची चीवरे उतरवली, कितीतरी मारले गेले, विहारांची कोठारे आणि तुरुंग झाले. पावणेचार वर्षांत सुमारे १७ लाख माणसे गेली असा अंदाज आहे. देशाची लोकसंख्या होती ८० लाखांच्या आसपास. म्हणजे हिशेब करा, साधारण पाचातले एक माणूस. कोणी मारले गेले, पण फार मोठी संख्या भुकेने, आजाराने आणि अतिश्रमाने गेली.

हे बहुतेकांनी कधीतरी ऐकलेले असते. माझा विषय याच्या पुढचा आहे.

७ जानेवारी १९७९ रोजी व्हिएतनामी फौजा नॉम पेन्हमध्ये शिरल्या आणि राजवट पडली. त्या दिवशी लोकांनी काय केले असेल? मिरवणूक काढली नाही. लोक चालायला लागले. ज्याला जिथे मजुरीला जुंपले होते तिथून तो आपल्या गावाकडे निघाला, आईला, बायकोला, मुलांना शोधत. भात शेतात उभे होते ते कापायला कोणी थांबले नाही. मुक्तीच्या त्याच वर्षी दुष्काळ पडला आणि लाखो लोक थायलंडच्या सरहद्दीकडे गेले. मार्च १९८० पर्यंत देशात चलनच नव्हते, बाजारात तांदूळ मोजून वस्तू घ्यायच्या. शेकडो डॉक्टरांपैकी पन्नासही उरले नव्हते असे सांगतात. १९७९ च्या सप्टेंबरात शाळा उघडल्या तेव्हा शिक्षकच नव्हते. मग सरकारने घोषणा काढली, ज्याला जास्त येते त्याने कमी येणाऱ्याला शिकवावे. भगिनींनो, मी एकतीस वर्षे पगार घेऊन शिकवले, पण त्या मास्तरांपुढे मी हात जोडते.

आणि घरे? मालमत्तेची कागदपत्रे उरली नव्हती, मूळ मालक बरेचसे मेलेले. शहरात जो आधी पोहोचला तो त्या घरात राहिला. आज तिथे जमिनीचे जे तंटे चालतात त्यांतल्या कित्येकांची मुळे इथे आहेत.

आता जगाने काय केले ते ऐका. नवे सरकार व्हिएतनामने बसवले होते, म्हणून चीन, अमेरिका आणि त्यांचे मित्र देश त्याला मानायला तयार नव्हते. संयुक्त राष्ट्रांतली कंबोडियाची खुर्ची कोणाकडे राहिली? पॉल पॉटच्या लोकांकडे! १९८२ नंतर इतर दोन गटांची जोड देऊन, पण राहिली. ज्यांनी आपलीच माणसे मारली तेच न्यूयॉर्कमध्ये त्या माणसांचे प्रतिनिधी. आपल्या भारताने मात्र १९८० मध्येच नव्या सरकारला मान्यता दिली, ही गोष्ट आपण अभिमानाने सांगावी. पण बड्या देशांच्या भांडणात ख्मेर रूजला सरहद्दीवर आसरा मिळाला, शस्त्रे मिळाली आणि युद्ध चालू राहिले. दोन्ही बाजूंनी सुरुंग पेरले. १९७९ पासून आजवर त्या सुरुंगांनी आणि न फुटलेल्या दारूगोळ्याने सुमारे वीस हजार माणसे मारली आणि त्याच्या दुपटीहून अधिक जखमी केली.

देशाच्या आत आणखी एक प्रश्न होता, आणि मला तो सर्वांत अवघड वाटतो. ज्याने मारले तोही त्याच गावचा. विहिरीवर रोज भेटणारा. पहिल्या काही महिन्यांत लोकांनी कितीतरी जणांना ठेचून मारले. नव्या सरकारने १९८४ पासून २० मे हा दिवस रागाचा दिवस म्हणून पाळायला लावला. सभा, भाषणे, शत्रूच्या नावाने शपथा. ज्याचे सगळे घर गेले त्याला राग धरू नको असे आपण कोणत्या तोंडाने सांगणार? पण सरकार जेव्हा रागाची तारीख ठरवून देते तेव्हा त्यात सरकारचाही काही हिशेब असतो. नव्या सरकारातले अनेक पुढारी स्वतःच पूर्वी ख्मेर रूजमध्ये होते. हुन सेन त्यांतलेच एक. ते १९७७ मध्ये व्हिएतनामला पळून गेले होते, १९८५ मध्ये पंतप्रधान झाले.

आणि भिक्खू? १९ सप्टेंबर १९७९ रोजी नॉम पेन्हच्या उन्नालोम विहारात सात जणांना पुन्हा उपसंपदा दिली गेली. साठ हजारांच्या जागी सात. पुढे सरकारने नियम केला की पन्नाशीच्या आतल्या पुरुषाने भिक्खू व्हायचे नाही, कारण तरुण हात फौजेत आणि शेतात हवे होते. १९८८ च्या सुमारास ती बंदी उठली.

याच काळात सरहद्दीच्या निर्वासित छावण्यांत एक कंबोडियन भंते फिरत होते, महाघोषानंद. यांचा आपल्या देशाशी जवळचा संबंध आहे. त्यांनी नालंदा येथे पालीचे शिक्षण घेतले आणि राजगीरच्या फुजी गुरुजींच्या सहवासात राहिले. वरळीचे जपानी बुद्धमंदिर आपल्यापैकी अनेकांनी बघितले आहे, ते याच फुजी गुरुजींच्या संघाचे. पॉल पॉटच्या काळात महाघोषानंद थायलंडच्या अरण्यात ध्यानाला होते, म्हणून वाचले. त्यांचे जवळजवळ सगळे कुटुंब मारले गेले. छावणीत येऊन त्यांनी मेत्तसुत्ताचे छापील कागद वाटले. धम्मपदातली वैराविषयीची गाथा, जी आपल्या लेकरांनाही पाठ आहे, ती म्हटली. ऐकणारे बांबूच्या झोपडीसमोर बसून रडले. वर्षानुवर्षे त्यांनी ते शब्द ऐकलेच नव्हते.

मंडळी, ती गाथा आपण वंदनेला म्हणतो तेव्हा फार सोपी वाटते. ज्या छावणीत शेजारच्या झोपडीत मारेकरी आहे, तिथे ती म्हणून बघा.

२३ ऑक्टोबर १९९१ रोजी पॅरिसला शांतता करार झाला. संयुक्त राष्ट्रांनी बावीस हजारांच्या आसपास माणसे पाठवली, त्यात आपले भारतीय जवानही होते. सरहद्दीवरचे साडेतीन लाखांहून अधिक निर्वासित परत आले. ते परतत असतानाच, १९९२ मध्ये, महाघोषानंदांनी सरहद्दीपासून नॉम पेन्हपर्यंत पहिली धम्मयात्रा काढली. वाटेत खेड्यातल्या बाया भिक्खूंच्या पायांवर पाणी घालायला रस्त्याच्या कडेला बसलेल्या असत. चालणाऱ्यांना कुठे हरवलेला भाऊ सापडला, कुठे आई सापडली.

मे १९९३ मध्ये निवडणूक झाली. ख्मेर रूजने बहिष्कार घातला, धमक्या दिल्या. संयुक्त राष्ट्रांचा रेडिओ रोज सांगत होता, मत गुप्त आहे, घाबरू नका. लोक चालत, सायकलवर, छत्र्या घेऊन आले. जवळजवळ नव्वद टक्के मतदान झाले. माझ्या मते या सगळ्या हकीकतीतली ही सर्वांत मोठी गोष्ट आहे.

आणि निकाल? राजपुत्र रणरिद्ध यांच्या पक्षाला ५८ जागा, हुन सेन यांच्या पक्षाला ५१, एकूण जागा १२०. हुन सेन हरले. पण गेले नाहीत. पूर्वेकडचे प्रांत वेगळे करू अशी धमकी आली, आणि शेवटी तोड काय निघाली, तर देशाला दोन पंतप्रधान! एक पहिला, एक दुसरा. हसू नका. आपल्या वस्तीतल्या एका मंडळात कमिटी बदलली तेव्हा कपाटाच्या चाव्या मिळायला चार महिने लागले होते, नाव घेत नाही. इथे तर फौज, पोलीस आणि प्रांतोप्रांतीचे अधिकारी सगळे जुन्याच पक्षाचे होते. लोकांनी मत दिले, चाव्या दिल्या नाहीत कोणी.

सप्टेंबर १९९३ मध्ये नवे संविधान आले. चांगले आहे, मी इंग्रजी भाषांतर वाचले. बहुपक्षीय लोकशाही, मानवी हक्क, बौद्ध धम्म राज्यधर्म आणि इतर धर्मांनाही मोकळीक. पण बाबासाहेबांनी २५ नोव्हेंबर १९४९ च्या भाषणात राबवणाऱ्या माणसांविषयी जो इशारा दिला, तो इथे चार वर्षांत खरा झाला. ५ आणि ६ जुलै १९९७ रोजी दोन पंतप्रधानांच्या फौजा राजधानीच्या रस्त्यांवर लढल्या आणि पहिल्या पंतप्रधानाला दुसऱ्याने घालवले. १९९८ च्या निवडणुकीनंतर पुन्हा निदर्शने झाली, त्यात तरुण भिक्खूही होते. एप्रिल १९९८ मध्ये पॉल पॉट मेला, खटला न होता. त्या वर्षअखेर उरलेले मोठे पुढारी शरण आले. १९७९ ते १९९८, मोजा.

डुचचे काय झाले? तो नाव बदलून खेड्यात राहत होता आणि पुन्हा शाळेत शिकवत होता. हे वाचले तेव्हा माझी झोप उडाली. त्या पोरांच्या आयांना काय वाटले असेल! १९९९ मध्ये तो सापडला. न्यायालय सुरू व्हायला २००६ उजाडले. त्याने कोर्टात माफी मागितली आणि शेवटच्या दिवशी म्हणाला, मला सोडून द्या. २०१२ मध्ये अपिलात त्याची शिक्षा वाढून जन्मठेप झाली, २०२० मध्ये तो मेला. तीस कोटी डॉलर्सहून अधिक खर्च करून या न्यायालयाने एकंदर तीन माणसांना शिक्षा दिली. काहींना हे हास्यास्पद वाटते. मला वाटत नाही. शेकडो माणसांनी कोर्टात उभे राहून आपल्या मेलेल्यांची नावे घेतली, ती नोंदली गेली. पण उशीर फार झाला, हे मात्र खरे.

परवा अकरावीतल्या एका मुलीला मी हे सगळे सांगितले. ती म्हणाली, "बाई, मग चाव्या आता कुणाकडे आहेत?" सांगितले तिला. हुन सेन २०२३ पर्यंत पंतप्रधान होते, अडतीस वर्षे. त्यानंतर त्यांचा मुलगा पंतप्रधान झाला. ती म्हणाली, "आणि धम्मयात्रा?" तेही सांगितले. १९९४ मध्ये यात्रा लढाईच्या भागातून जाताना गोळीबारात सापडली, एक भिक्खू आणि एक उपासिका मरण पावल्या. पुढच्या वर्षी यात्रा पुन्हा निघाली. महाघोषानंद २००७ मध्ये गेले.

बराच वेळ घेतला. तिकडे खीर तयार आहे, लहान मुले केव्हापासून चुळबुळ करत आहेत. जय भीम.