ब्रिजित बार्दोची दुसरी खेळी

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)

१९७७ सालची गोष्ट. पशुवैद्यकीची पदवी घेऊन मी नुकताच सरकारी नोकरीला लागलो होतो. दवाखान्यात दुपारचा चहा चालला होता. एका सहकाऱ्याने मासिकातलं एक छायाचित्र पुढे केलं. चहूकडे बर्फ आणि त्या बर्फावर सीलच्या पांढऱ्याशुभ्र पिल्लाला जवळ घेतलेली एक देखणी बाई. ब्रिजित बार्दो. आम्ही सगळे हसलो. ‘नटीचे चोचले’ असं कुणीतरी म्हणालं. बहुधा मीच म्हणालो असेन.

२८ डिसेंबर २०२५ रोजी, वयाच्या एक्क्याण्णवाव्या वर्षी ती बाई गेली. बातमी वाचली आणि मला ते हसणं आठवलं. म्हणून आज तिच्याविषयी बोलायचं आहे.

ब्रिजितचा जन्म १९३४ सालचा, पॅरिसमधल्या खात्यापित्या आणि कडक शिस्तीच्या घरातला. लहानपणापासून ती बॅले शिकली. १९५० साली, पंधराव्या वर्षी, ‘एल’ या महिला-साप्ताहिकाच्या मुखपृष्ठावर ती झळकली आणि मॉडेल म्हणून तिचं नाव झालं. त्यातूनच सिनेमावाल्यांचं बोलावणं आलं. रोजे वादिम तिथेच भेटला आणि अठरा पूर्ण होताच तिने त्याच्याशी लग्न केलं. १९५६ साली त्याच्याच ‘अँड गॉड क्रिएटेड वूमन’ने ती जगभर पोहोचली. फ्रान्समध्ये तिला नुसतं ‘बी. बी.’ म्हणत. त्याचा फ्रेंच उच्चार ‘बेबे’, म्हणजे तान्हं बाळ. १९६९ साली तर फ्रेंच प्रजासत्ताकाचं प्रतीक असलेल्या मारियानचा पुतळा तिच्या चेहऱ्यावरून घडवला गेला.

हे सगळं झालं, पण सुख नव्हतं. छायाचित्रकारांचा ससेमिरा इतका की घराबाहेर पडणं मुश्कील. १९६० साली, सव्विसाव्या वाढदिवशी, तिने जीव देण्याचा प्रयत्न केला. पाठलाग होणं, कोंडीत सापडणं म्हणजे काय, हे तिला पुरतं ठाऊक होतं. जनावरांविषयीचा तिचा कळवळा तिथून आला असावा, असं मला वाटतं.

आता एक गोष्ट, जी मला बरीच उशिरा कळली. सीलच्या त्या छायाचित्राच्या पंधरा वर्षं आधी, जानेवारी १९६२ मध्ये, ही बाई फ्रेंच दूरदर्शनवर आली होती, तीही सिनेमाबद्दल बोलायला नव्हे. कत्तलखान्यात जनावरं शुद्धीवर असताना कापली जातात, हे तिने सांगितलं आणि आधी त्यांना बेशुद्ध करणारं पिस्तूल वापरा अशी मागणी केली. या पिस्तुलातून गोळी सुटत नाही. एक पोलादी दांडा जोरात कपाळावर आदळतो आणि जनावर त्याच क्षणी शुद्ध हरपतं. पुढचं त्याला काही कळत नाही. १९६४ साली फ्रान्समध्ये तसा हुकूम निघाला. धार्मिक विधीने होणारी कत्तल त्यातून वगळली होती.

श्रोतेहो, हे मला चटका लावून गेलं, कारण नोकरीची काही वर्षं मी एका नगरपालिकेच्या कत्तलखान्यात मांस तपासणीला होतो. रांगेतलं पुढचं जनावर कापलं जाताना मागचं थरथरत उभं असायचं. मी शिक्के मारत होतो. एकापुढे दुसरं जनावर कापू नये, असा नियम आपल्याकडे २००१ साली आला. त्याआधी एक साधं टिपण वरिष्ठांकडे पाठवायला मला कुणी अडवलं नव्हतं. पदवी माझ्याकडे होती. जनावराला वेदना कशी होते हे मी पुस्तकातून शिकलो होतो. बोलली मात्र ती, जिच्याकडे फक्त चेहरा होता. योगायोग असा की त्याच १९६२ साली आपल्याकडे प्राणी कल्याण मंडळ स्थापन झालं, रुक्मिणीदेवी अरुंडेल यांच्या पुढाकाराने. त्याही मूळच्या नर्तकीच!

१९७३ साली, एकोणचाळीस पूर्ण होण्याआधीच, ब्रिजितने सिनेमा सोडला. शेवटच्या चित्रपटाच्या चित्रीकरणाला एक बाई आपली शेळी घेऊन आली होती. नातवाच्या समारंभाला शेळी कापायची आहे, असं ती सहज बोलून गेली. ब्रिजितने तिथल्या तिथे ती शेळी विकत घेतली आणि थेट हॉटेलातल्या आपल्या खोलीत नेली! निर्णय त्या दिवशी पक्का झाला, असं तिने सांगितलं आहे.

मग १९७७ साली ती कॅनडाच्या बर्फावर गेली. सीलच्या पिल्लाची पांढरी लव जन्मानंतर जेमतेम दोन आठवडे टिकते. त्या कातड्यासाठी पिल्लांना डोक्यात घाव घालून मारत. ते छायाचित्र जगभर छापलं गेलं. १९८३ साली युरोपीय समुदायाने या पिल्लांच्या कातड्यांची आयात बंद केली आणि १९८७ साली कॅनडाने त्यांची व्यापारी शिकार थांबवली. ही लढाई तिची एकटीची नव्हे, अनेक संघटना त्यात होत्या. आणि याची दुसरी बाजूही सांगायला हवी. बाजार कोसळला तेव्हा उत्तरेकडच्या इन्युइट लोकांचंही पोट मारलं गेलं. ते ही पिल्लं मारत नव्हते. मोठ्या सीलवर त्यांचा संसार चालत होता.

१९८६ साली तिने स्वतःची संस्था काढली. तिच्यासाठी भांडवल हवं होतं. १९८७ साली तिने दागिने, कपडे, लग्नाचा पोशाखसुद्धा लिलावात काढला आणि सुमारे तीस लाख फ्रँक उभे केले. पुढे समुद्रकाठचं राहतं घरही संस्थेच्या नावावर करून दिलं. तारुण्यात मिळवलेलं सगळं तिने असं मोडून खाल्लं, पण स्वतःसाठी नाही.

इथे भाषण संपवलं असतं तर फार गोड झालं असतं. पण ते खरं होणार नाही. धार्मिक कत्तलीला विरोध करता करता ती माणसांवर घसरली. मुसलमानांविषयी, परदेशातून आलेल्यांविषयी तिने जे लिहिलं त्याबद्दल फ्रेंच न्यायालयांनी तिला वारंवार दंड केला. २००८ साली पंधरा हजार युरो. २०२१ साली रेयुनियन बेटावरच्या लोकांचा अपमान केल्याबद्दल वीस हजार युरो. पोटच्या मुलाविषयी तिने आत्मचरित्रात इतकं कठोर लिहिलं की प्रकरण कोर्टात गेलं. मुक्या जिवांसाठी रडणारी ही बाई बोलत्या जिवांच्या बाबतीत दगड होऊ शकत होती.

मग तिला काय म्हणायचं? मी यावर बराच विचार केला. तिच्या कामामुळे तिचे शब्द धुतले जात नाहीत. तिच्या शब्दांमुळे वाचलेली जनावरंही पुन्हा मरत नाहीत. दोन्ही खाती वेगळी ठेवावीत. करुणा एकाच जातीच्या जिवांपुरती राखून ठेवता येते, हे तिच्याकडून शिकावं आणि त्यापासून सावध राहावं.

आणि माझ्या खात्याचं काय? ज्याला दुसऱ्याच्या चुका इतक्या स्पष्ट दिसतात, त्याने आपली वहीही उघडावी. तिने तिच्याजवळ होतं ते, म्हणजे रूप, वापरलं. माझ्याजवळ ज्ञान होतं, आणि मी चहा पीत हसलो. निवृत्तीनंतर मी भटक्या कुत्र्यांच्या नसबंदी शिबिरांत जातो, जमेल तितकी ऑपरेशनं करतो. हात आता थोडे थरथरतात. उशीर झाला आहे, पण ते छायाचित्र आज कुणी पुढे केलं तर मी हसणार नाही.