मान आणि मानपान

सरकारी नोकरीत वीसएक वर्षे घालविलेल्या माणसाला मान या शब्दाचा अर्थ समजावून सांगावा लागत नाही. कोणत्या समारंभात कोणाची खुर्ची कोठे मांडावयाची, पहिला हार कोणाच्या गळ्यात घालावयाचा, निमंत्रणपत्रिकेवर कोणाचे नाव कोणाच्या वर छापावयाचे, याविषयीची टिपणे लिहिण्यात माझी कित्येक दुपारे खर्ची पडली आहेत. एकदा एका खुर्चीवरून तीन पत्रे गेली आणि चार आली. परंतु याचा सगळा दोष सरकारच्या माथी मारण्यात अर्थ नाही. ही हौस आपली, घरचीच आहे. लग्नात विहिणीचे मानपान असते, जत्रेत मानाचा नारळ असतो, गावोगाव मानकरी असतात. मान आपण राखतो, मिळवितो, घेतो आणि वेळप्रसंगी मागूनही घेतो. मान ‘देणे’ हे क्रियापद आपल्या तोंडी त्या मानाने कमीच येते.

मी नगर जिल्ह्यातल्या, म्हणजे आजच्या अहिल्यानगर जिल्ह्यातल्या, मराठी ख्रिस्ती घरात वाढलो. आमच्या समाजालाही ही हौस आहे. तथापि आमच्या घरात लहानपणी जे प्रथम पाठ करून घेतात त्यात दहा आज्ञा असतात, आणि त्यांपैकी एक आई-बापांचा मान राखण्याविषयीची आहे. आम्हा प्रॉटेस्टंटांच्या गणनेत ती पाचवी येते. वसईच्या आणि गोव्याच्या कॅथॉलिक घरांत तीच चौथी म्हणून शिकवितात. मोजणीत फरक असला तरी आज्ञा एकच. लहानपणी तिचा अर्थ मला फार सोपा वाटे. वडिलांपुढे उलट बोलू नये, आईने सांगितलेले पाणी भरावे, संध्याकाळच्या प्रार्थनेत चुळबुळ करू नये, एवढाच.

पुढे कळले की ज्या इब्री शब्दाचे भाषांतर आपण ‘मान दे’ असे करतो, त्याच्या मुळाशी ‘जड असणे’ असा अर्थ आहे. मान देणे म्हणजे त्या माणसाला वजनदार समजणे, हलके न समजणे. मराठी माणसाला हे निराळे सांगावयास नकोच. अमक्याच्या शब्दाला वजन आहे, असे आपण रोज बोलतो, आणि कोणी हलक्यात घेतले तर आपल्याला ते झोंबते. दुसरी गोष्ट अशी की, ही आज्ञा चुळबुळ करणाऱ्या मुलांपेक्षा कर्त्यासवरत्या माणसांना उद्देशून आहे. म्हातारपणी ज्यांचे हात चालत नाहीत त्यांना वाऱ्यावर सोडू नका, असा तिचा व्यावहारिक रोख आहे. मार्काच्या शुभवर्तमानात येशूने एका पळवाटेवर नेमके बोट ठेवले आहे. आपली मालमत्ता ‘कुर्बान’, म्हणजे देवाला वाहिलेली, असे म्हणावयाचे आणि मग तिच्यातून आईबापांना काही देण्याच्या कर्तव्यातून मोकळे व्हावयाचे, अशी ती युक्ती होती. कायद्याच्या कलमांतून वाटा काढणारी माणसे मी पुष्कळ पाहिली आहेत. परंतु देवाच्या नावावर बापाचे अन्न तोडण्याची ही युक्ती त्या सर्वांवर ताण आहे.

येथे महाराष्ट्रातील ख्रिस्ती माणसापुढे एक अवघड प्रश्न उभा राहतो, आणि तो टाळून पुढे जाणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. आमच्यापैकी अनेकांच्या पणजोबांनी किंवा खापरपणजोबांनी बाप्तिस्मा घेतला तोच मुळी आईबापांचे मन मोडून. ज्या धर्माची एक आज्ञा आईबापांना मान देण्याची, त्या धर्मात प्रवेश करावयाचा तो त्यांना दुखवून! बाबा पदमनजींना 1854 साली या पेचातून जावे लागले. रेव्हरंड नारायण वामन टिळकांनी 10 फेब्रुवारी 1895 रोजी मुंबईस बाप्तिस्मा घेतला, तो पत्नीच्या संमतीवाचून. लक्ष्मीबाईंवर त्या वेळी काय कोसळले ते त्यांनीच ‘स्मृतिचित्रे’मध्ये लिहून ठेवले आहे. आपले पुढारी या प्रसंगाकडे फार घाईने पाहतात. कोणी म्हणतो श्रद्धेपुढे सर्व गौण. कोणी म्हणतो घर मोडणारी श्रद्धा कसली? मला दोन्ही उत्तरे अपुरी वाटतात. टिळकांनी पत्नीला दुःख दिले, हे खरेच आहे. ते पुसून टाकता येत नाही आणि लक्ष्मीबाईंनीही ते पुसलेले नाही.

मला महत्त्वाची वाटतात ती पुढची पाच वर्षे. लक्ष्मीबाईंचा बाप्तिस्मा 1900 साली झाला. मधल्या काळात ताटातूट झाली, पत्रे झाली, भांडणे झाली, पुन्हा एकत्र येणे झाले. टिळकांचा स्वभाव शांत मुळीच नव्हता. तरीही पती या नात्याने हुकूम सोडून त्यांनी पत्नीला धर्मांतर करावयास लावले नाही; ती आपल्या विचाराने, आपल्या पायांनी आली. राहुरीला असताना जातिभेद हा माणसांनी केलेला आहे या निष्कर्षावर ती एकटीच विचार करून पोचली, आणि त्यानंतर सोवळे सुटले. त्या काळच्या नवऱ्याने बायकोच्या मनाला एवढे वजन देणे, तिच्या ‘नाही’ला ‘नाही’ म्हणून मानणे, हे मला कोणत्याही प्रवचनापेक्षा मोठे वाटते. आणि पूर्वजांच्या बाबतीत म्हणाल तर, ज्या घरातून टिळक बाहेर पडले त्या घराची वाणी त्यांनी टाकली नाही. अभंग आणि ओवी घेऊन ते चर्चमध्ये आले. तुकोबांचे ऋण ते उघडपणे सांगत. आजही आमच्या उपासनेत टिळकांची भजने टाळ-मृदंगावर म्हटली जातात, तेव्हा शेजारच्या आळीतल्या वारकऱ्यालाही ती परकी वाटत नाहीत.

‘स्मृतिचित्रे’ 1934 ते 1936 या काळात प्रसिद्ध झाली. मराठी ख्रिस्ती समाजाने ज्यांना सर्वांत अधिक मान दिला त्या पुरुषाची सर्वांत अधिक थट्टा त्या ग्रंथात आहे, आणि ती त्यांच्या पत्नीने केलेली आहे. टिळकांचा विसराळूपणा, उधळेपणा, रागाचे झटके, काहीही झाकलेले नाही. तरी ते पुस्तक मिटल्यावर टिळक वाचकाच्या मनात लहान होत नाहीत. त्यांचे अपुरे राहिलेले ‘ख्रिस्तायन’ पुढे नेले तेही याच बाईंनी, ज्यांना शाळेचे शिक्षण नव्हते. मान देणे म्हणजे दोष झाकणे नव्हे, हे मला त्यांच्याकडून शिकावयास मिळाले. आमच्या मंडळ्यांत याच्या उलट शिकवण पुष्कळदा चालते. पाळकाच्या हिशेबाविषयी प्रश्न विचारला की, तो पाळकाचा अपमान समजला जातो. घरात एखाद्या सुनेचा छळ होत असेल, तर घराण्याच्या मानासाठी तिने गप्प बसावे असे तिला सांगण्यात येते. असल्या मौनाला मान हे नाव देणे मला मान्य नाही. पौलाच्या इफिसकरांस लिहिलेल्या पत्रात मुलांनी आज्ञा पाळावी असे सांगितल्यावर लगेच बापांनाही बजावलेले आहे की मुलांना चिडीस आणू नका. हा दुसरा भाग उपदेशात कमी ऐकू येतो. उपदेशक बहुधा बाप असतात, म्हणून असेल.

आता चर्चमधल्या खुर्च्यांकडे वळू. याकोबाच्या पत्रात एक प्रसंग आहे. सभेत सोन्याची अंगठी घातलेला मनुष्य आला की त्याला चांगली जागा, आणि मळक्या कपड्यातला दरिद्री आला की त्याला पायांशी बस असे सांगणे. वाचताना मला नेहमी वाटते की याकोबाने आमच्या तालुक्याच्या गावची नाताळची सभा पाहिलेली असावी. आपल्या देशात तर या खुर्च्यांच्या मागे जात उभी होती. दक्षिणेतील प्रॉटेस्टंट मंडळ्यांत जातवार बसणे आणि प्रभुभोजनाच्या वेळी जातीचा क्रम पाळणे चालत असे. कलकत्त्याचे बिशप डॅनिएल विल्सन यांनी 1833 साली पत्र काढून हा भेद ताबडतोब बंद करण्यास फर्माविले, तेव्हा कित्येकांनी चर्च सोडले पण पंगत सोडली नाही. तंजावरचे कवी वेदनायगम शास्त्री यांच्यासारखा भक्तिगीतांचा मोठा रचनाकारही विल्सनच्या विरोधी पक्षात होता. आमच्या नगरकडे ख्रिस्ती झालेले लोक बहुसंख्य महार आणि मांग समाजांतले. त्यांत थोडे ब्राह्मण. एकाच प्याल्याला ओठ लावण्याचा तो क्षण कोणाकोणाला किती जड गेला असेल, याची आपण आज कल्पनाच करावी. पेत्राने पहिल्या पत्रात राजाचा मान राखण्यास सांगताना जे क्रियापद वापरले आहे, तेच त्याच वाक्यात सर्व माणसांसाठी वापरले आहे. राजशिष्टाचाराच्या कोणत्याही पुस्तकात ही तरतूद मला आढळली नाही.

मान देण्याच्या काही रीती मात्र आपल्या देशातील ख्रिस्ती घरांनी फार सुंदर जपल्या आहेत. गोव्याच्या कॅथॉलिक कुटुंबात संध्याकाळची जपमाळ संपली की मुले वडीलधाऱ्यांपुढे येऊन आशीर्वाद मागतात. केरळातील सीरियन ख्रिस्ती घरात पवित्र गुरुवारी रात्री कुटुंबप्रमुख बेखमीर पेसहा अप्पम मोडतो आणि वडीलधाऱ्यांपासून लहानग्यांपर्यंत वयाच्या क्रमाने वाटतो. त्याच दिवशी चर्चमध्ये मात्र क्रम उलटा होतो, आणि धर्मगुरू गुडघे टेकून बारा जणांचे पाय धुतो.

आमच्याकडे हंगामाचा सण असतो. शेतातले पहिले पीक, कोंबडी, भोपळा, ज्वारीची कणसे असे जे ज्याच्याकडे असेल ते घेऊन लोक येतात आणि उपासनेनंतर त्या वस्तूंचा लिलाव होतो. माझे वडील आमच्या खेड्यातल्या मंडळीच्या शाळेत मास्तर होते, आणि निवृत्तीनंतरही लिलाव पुकारण्याचे काम त्यांच्याकडेच राहिले. एका वर्षी एका निराधार म्हातारीने एकच अंडे आणले होते. वडिलांनी ते प्रथम पुकारले. ज्याने घेतले त्याने पैसे भरून अंडे परत टेबलावर ठेवले. दुसऱ्याने घेतले, त्यानेही परत ठेवले. असे ते अंडे किती वेळ फिरत होते कोण जाणे. म्हातारी सतरंजीवर बसून डोळे विस्फारून पाहत होती. त्या दिवशी सर्वांत मोठी रक्कम तिच्या नावावर लिहिली गेली. वडिलांनी वहीत तिचे संपूर्ण नाव घातले. एरवी तिला सारे गाव नुसते म्हातारी म्हणत असे.

हे सारे पाहूनही मी काय केले ते सांगितल्यावाचून या विषयावर बोलण्याचा मला अधिकार नाही. मी दिल्लीस असताना वडील काही दिवस माझ्याकडे राहावयास आले. दरमहा त्यांना पैसे पाठवीत होतो आणि पाचवी आज्ञा माझ्या खाती जमा होत आहे अशी माझी समजूत होती. एका रात्री माझे काही वरिष्ठ अधिकारी सपत्नीक जेवावयास यावयाचे होते. वडिलांना इंग्रजी बोलण्याची सवय नाही. त्यांची मराठीही नगरी वळणाची. सायंकाळी मी त्यांना म्हणालो, “बाबा, तुम्हाला उशीर सोसत नाही. तुम्ही आधी जेवून घ्या आणि आतल्या खोलीत पडा.” ते म्हणाले, “बरं.” पाहुणे गेल्यावर मी खोलीत डोकावलो. ते जागे होते, बाहेरचे धोतर नेसून, कोट घालून खुर्चीवर बसले होते. बोलावणे येईल असे त्यांना वाटत होते. मला पाहून त्यांनी कोट काढला, घडी घातली, आणि रोजच्याप्रमाणे आम्ही प्रार्थनेला बसलो. प्रार्थनेत त्यांनी माझ्या वरिष्ठांच्या आरोग्यासाठीही विनंती केली. त्यांचे नाव मी कधीतरी बोलण्यात घेतले असेन. ते त्यांनी लक्षात ठेवले होते.

त्या गोष्टीला आठ वर्षे झाली. तिच्याविषयी आमच्यात एकही शब्द झालेला नाही. आता ते गावी असतात. दृष्टी मंदावली आहे, लिलाव दुसरा कोणी पुकारतो. मी रजा काढून जातो तेव्हा ओसरीवरच्या एकुलत्या एका खुर्चीवर ते बसलेले असतात. माझी चाहूल लागताच काठी चाचपून उठतात, खुर्ची माझ्याकडे सरकवितात आणि म्हणतात, “या, साहेब, बसा.” ते थट्टेने म्हणतात की मनापासून, हे मला अजून ओळखता येत नाही. मी खाली पायरीवर बसतो, आणि पुष्कळ वेळ ती खुर्ची आमच्या दोघांच्या मध्ये रिकामीच राहते.