बाबांच्या ताटातला तुकडा

मागच्या आठवड्यात रायपूरच्या गोल बाजारातून मी दोन वस्तू आणल्या. एक भाजायची लोखंडी जाळी आणि दुसरी शंभर ग्रॅम ओवा. आज त्यांचीच गोष्ट सांगते.

आमच्या बाबांना मटण म्हणजे जीव की प्राण. पण कवळी बसली आणि त्यांनी ते सोडलं. रस्सा भातावर घ्यायचे, तुकडे माझ्या ताटात सरकवायचे. "आता आमचं खाणं झालं," म्हणायचे. ते वाक्य मला सलायचं. ठरवलं, यांना स्टेक खाऊ घालायचा.

स्टेक मूळचा गोमांसाचा. छत्तीसगडात २००४ च्या कायद्याने गाय-बैल-म्हशींच्या कत्तलीला बंदी आहे, आणि आमच्या घरी तो विषयही नव्हता. म्हणून बोकडाच्या मांडीचं बिनहाडाचं मटण आणलं, दोन बोटं जाड कापलं आणि तव्यावर टाकलं. बाहेरून करपलं, आतून चामडं! बाबांनी घास चावला, चावला आणि गुपचूप ताटाच्या कडेला ठेवला. रागावले असते तर बरं वाटलं असतं.

चूक माझी होती. चांगला स्टेक जनावराच्या पाठीकडच्या मांसाचा करतात, तिथले स्नायू फारसे राबत नाहीत. बोकडाची मांडी मात्र दिवसभर चालते. तिला एकतर तासभर शिजवावं, नाहीतर पातळ कापावं.

दुसऱ्यांदा असं केलं. अर्धा किलो मटण अर्धा तास फ्रीजरमध्ये ठेवलं, म्हणजे सुरी नीट चालते. मांसातले धागे ज्या दिशेनं जातात, त्यांच्या आडवे पातळ काप काढले. धागे सुरीनंच तोडले, की दातांचं काम कमी होतं. मीठ आणि चमचाभर कच्च्या पपईचा कीस लावून तासभर फ्रीजमध्ये ठेवलं. त्याहून जास्त नको, पपई मांसाचा लगदा करते. मग काप पुसून कोरडे केले, तेलाचा हात लावला. ओलं मांस आधी वाफवतं, खरपूस होत नाही. शेगडीतले निखारे लाल झाल्यावर जाळीवर दोन्ही बाजूंनी भाजले, आत गुलाबी राहू दिलं नाही. उतरवून पाच मिनिटं झाकून ठेवले.

आता चटणी. अर्जेंटिनात स्टेकवर चिमिचुरी घालतात. पार्सली, लसूण, ओरेगॅनो, व्हिनेगर आणि तेल. मी पार्सलीऐवजी एक जुडी कोथिंबीर आणि मूठभर पुदिना घेतला, ओरेगॅनोऐवजी चिमूटभर भाजलेला ओवा. लसणाच्या चार पाकळ्या, एक हिरवी मिरची, मीठ, तीन चमचे तेल. मिक्सर नको, सुरीनं बारीक चिरा. लिंबू अगदी वाढताना पिळा, आधी पिळलं तर हिरवा रंग काळपटतो.

बाबांनी पहिला काप संशयानंच उचलला. दुसरा स्वतः घेतला. चौथ्याला आईनं डोळे वटारले, तेव्हा म्हणाले, "अगं, चटणी संपवतोय."

त्या दिवशी माझ्या ताटात एकही तुकडा सरकला नाही. घरात कुणी "आमचं खाणं झालं" म्हणत असेल, तर मंडळी, आधी आपली सुरी कुठल्या दिशेनं चालते ते बघा.