यंत्राची नवी बुद्धी आणि कारखान्याची वही

चंदीगडच्या वायव्येस, शिवालिक टेकड्यांच्या पायथ्याशी मुल्लानपूर नावाचे गाव आहे. मुंबईच्या टाटा स्मारक केंद्राने उभारलेले होमी भाभा कर्करोग रुग्णालय तेथे २०२२ साली सुरू झाले. त्या परिसरात आता ‘न्यू चंदीगड’ हे नगर वाढत आहे. नवी घरे उभी राहिली की दारे, कपाटे, जाळ्या लागतात; आणि पूर्वी सुताराची पटाशी करीत असे ते कोरीव काम आज पुष्कळ ठिकाणी सीएनसी यंत्र करते. मुल्लानपूर असो वा आपली भोसरी, अशा यंत्रावर पोट असणाऱ्या लहान कारखानदाराची एक अडचण सारखीच असते. तिच्याविषयी आज बोलावयाचे आहे.

सीएनसी म्हणजे अंकांच्या आज्ञेने चालणारे यंत्र. १९५२ साली अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स तंत्रसंस्थेत असे यंत्र प्रथम दाखविले गेले, तेव्हा त्याचे नियंत्रण करणारी कपाटे यंत्राहून मोठी होती. आज तेच काम हातात मावणारा स्वतंत्र नियंत्रक करतो. शेजारी संगणक नको. नक्षीची फाइल पेन ड्राइव्हवरून दिली की पुरे. फाइल ही त्या दिवसाची आज्ञा होय. परंतु ती वाचावी कशी, मोटारींना स्पंदने किती वेगाने पाठवावीत, हे सांगणारी कायमची बुद्धी नियंत्रकाच्या स्मृतीत बसविलेली असते. तिला फर्मवेअर म्हणतात. हा शब्द १९६७ साली प्रचारात आला. यंत्राच्या सांगाड्याइतकी ती अचल नाही आणि रोजच्या फाइलीइतकी चंचलही नाही.

निर्माता कधी तिच्यातील दोष काढून नवी आवृत्ती देतो. ती चढवावी काय? चालत्या गाडीला खीळ घालू नये, हा पहिला नियम. आपणांस जाचणारा दोष नव्या आवृत्तीत दूर झाला असेल, तरच हात घालावा. आणि तोही मागणीचे काम अंगावर असताना नव्हे.

चढविण्याची क्रिया काही मिनिटांची असते. पण त्या मिनिटांत जुनी बुद्धी पुसली गेलेली असते आणि नवी पुरती बसलेली नसते. तेवढ्यात वीज गेली, तर नियंत्रक निर्जीव होऊन बसण्याचा संभव असतो. म्हणून विजेची पर्यायी सोय हवी. आवृत्ती नेमक्या आपल्याच नमुन्याची आहे ना, हेही ताडून पाहावे; बाहेरून सारखे दिसणारे दोन नियंत्रक आतून निराळे असू शकतात.

खरा धोका मात्र यानंतरचा आहे. समजा, मोटारीच्या एका फेऱ्यास १६०० स्पंदने लागतात आणि त्या फेऱ्यात स्क्रू ५ मिलिमीटर सरकवितो. म्हणजे दर मिलिमीटरला ३२० स्पंदने झाली. नव्या आवृत्तीने हा आकडा पुसून कारखान्यातून आलेला ४०० हा आकडा बसविला, तर १०० मिलिमीटरची आज्ञा १२५ मिलिमीटर होईल. कोणतीही धोक्याची घंटा वाजणार नाही. फळी तेवढी वाया जाईल. एखाद्या अक्षाची दिशा उलटली, तर हत्यार मोडेल आणि जवळ उभ्या असलेल्या कामगारालाही इजा होईल.

म्हणून आधी सर्व आकडे वहीत उतरवावेत, नंतर ते ताडून भरावेत. पहिली फेरी हत्यार काढून, हवेतच घ्यावी. मग पट्टीने अंतर मोजावे आणि तेव्हाच लाकूड लावावे.

पुष्कळ कारखान्यांत हे आकडे एका जुन्या कारागिराच्या डोक्यातच असतात. तो गावी गेला की यंत्र मुके होते. चंदीगडलाच १९६३ साली स्विस सहकार्याने सूक्ष्म यंत्रकामाचे प्रशिक्षण केंद्र निघाले. नुसती यंत्रे आणून भागत नाही, ती जाणणारे हातही घडवावे लागतात, हा विचार तेव्हापासूनचा आहे. आज त्यात एवढीच भर घालावी, की हातांनी जाणलेले कागदावरही उतरले पाहिजे.

यंत्राची नवी बुद्धी दूरदेशाहून येऊ शकते. आपले यंत्र कोणत्या आकड्यावर खरे मोजते, हे मात्र दूरदेशीच्या निर्मात्यास ठाऊक नसते. ते ज्ञान आपल्याच कारखान्यात जन्मते आणि आपणच जपले तर टिकते. दोन रुपयांच्या पेन्सिलीने लिहिलेली ती वही, म्हणूनच, त्या नियंत्रकाइतकीच मोलाची आहे.