पायांचे बळ आणि गणिताची साथ
(वार्षिक संमेलनातील पारितोषिक-वितरणप्रसंगी झालेले भाषण)



चार शब्द बोलावेत अशी चिटणीसांची आज्ञा झाली. मी मॅट्रिक झालेला एक जुना शिक्षक. तीस वर्षे सायकलीवरून शाळेत गेलो. समोरून वारा सुटला की पाय भरून येत. पण त्यामागील गणित फार उशिरा उमगले. निवांत हवेतही वेग दुप्पट केला, तर हवेचा विरोध चौपट होतो आणि त्याला पुरून उरण्यास शक्ती आठपट लागते!

ह्याच हिशेबाशी सामना करणाऱ्या एका विद्वानाची हकीगत सांगतो. अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजी ह्या विख्यात संस्थेत विमानशास्त्र शिकविणारे प्राध्यापक मार्क ड्रेला हे ते गृहस्थ. निरोगी, कसलेला मनुष्य तासन्‌तास पायटे मारून सुमारे पाव अश्वशक्ती देऊ शकतो. एवढ्याशा भांडवलावर आकाशात उडावयाचे कसे?

ड्रेला व त्यांचे सहकारी ह्यांनी पंख लांब व निरुंद केले. कार्बनतंतूंच्या नळ्यांचा सांगाडा रचला. पंखांचा विस्तार 34 मीटर, पण विमानाचे वजन अवघे 31 किलो! पुराणकथेतील कारागिरावरून त्याचे नाव ठेविले डीडालस. 23 एप्रिल 1988 रोजी ग्रीक सायकलपटू कानेलॉस कानेलॉपुलॉस ह्यांनी ते क्रीटहून सँटोरिनीपर्यंत, सुमारे 115 किलोमीटर, चार तासांच्या आत केवळ पायांच्या बळावर नेले. किनारा काही मीटरांवर असताना वाऱ्याने विमान मोडले व समुद्रात पडले. चालक पोहून तीरास लागला. परंतु त्या पडण्याने पराक्रमास उणेपणा आला, असे कोण म्हणेल?

पुढे ड्रेलांनी पाण्याकडे मोर्चा वळविला. पाणी हवेहून सुमारे आठशे पट घन. म्हणून नौकेचे अंग पाण्याबाहेर उचलून धरणारे लहान पंख पाण्याखाली बसविले, आणि पंखा मात्र हवेत फिरविला. 27 ऑक्टोबर 1991 रोजी बोस्टनच्या चार्ल्स नदीवर 'डेकाव्हिटेटर' नावाच्या ह्या नौकेने ताशी 18.5 सागरी मैल, म्हणजे सुमारे 34 किलोमीटर, वेगाचा विक्रम केला. त्या वेळी पायटे कोण मारीत होते? स्वतः प्राध्यापकमहाशय!

मित्रांनो, येथे मला माझी उणीव कबूल केली पाहिजे. काळ-वेगाची शेकडो उदाहरणे मी फळ्यावर सोडविली. पण एकाही मुलास माझी सायकल देऊन, 'जा, वाऱ्यात मोजून ये,' असे म्हटले नाही. सायकल रोज शाळेच्या भिंतीशी उभीच होती. ड्रेलांनी कागदावरचे उत्तर स्वतःच्या पायांनी पडताळून पाहिले. मी ते केवळ पुस्तकाच्या शेवटच्या पानाशी ताडले.

आज बक्षीस मिळालेल्या मुलांनी एवढेच करावे : एक तरी उदाहरण ह्या सुट्टीत उघड्यावर सोडवून पाहावे. चुकले तर चुकू द्यावे. किनारा पोहूनही गाठता येतो.