लोकांच्या हाती आलेला कॅमेरा
(केंदूर येथील कार्यकर्त्यांपुढे झालेल्या भाषणावरून)



माहितीपटाचा कॅमेरा दीर्घकाळ जड होता. त्याला पैसा लागे, माणसे लागत, परवानगी लागे. १९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनच्या वार्तापटांत म्हणूनच राज्यकर्ते बोलत आणि जनता ऐकत असे. १९६० च्या सुमारास अमेरिकेत व फ्रान्समध्ये खांद्यावर पेलणारा १६ मिलिमीटरचा कॅमेरा आणि सोबत नेता येणारे ध्वनिमुद्रणयंत्र आले. सामान्य माणसाचे बोलणे त्याच्याच दारात टिपता येऊ लागले.

या बदलाचे मोल मुंबईच्या आनंद पटवर्धन यांनी ओळखले. नोव्हेंबर १९७४ मध्ये जयप्रकाशांच्या पाटण्यातील मोर्चाचे काही चित्रण त्यांनी चिमुकल्या सुपर-८ कॅमेऱ्याने केले. ते पडद्यावर पाडून १६ मिलिमीटरच्या फितीवर पुन्हा उतरविले. त्यातून झालेल्या ‘क्रांती की तरंगें’ची प्रत आणीबाणीत तुकडे करून परदेशी धाडावी लागली.

११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मृत्युमुखी पडले. त्यानंतर चौदा वर्षे चित्रण करून त्यांनी २०११ मध्ये ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण केला. यंत्र हलके झाले होते. चिकाटीला मात्र पर्याय नव्हता.

आज केंदूरसारख्या अवर्षणग्रस्त गावातही खिशाखिशात कॅमेरा आहे. कोरडी विहीर, ग्रामसभेत दिलेले आश्वासन, यांचे चित्रण तारीखवार जपावे आणि पुढच्या ग्रामसभेत सर्वांसमक्ष दाखवावे. असे झाले, तरच त्याची साक्ष होईल. हे काम कार्यकर्त्यांनीच अंगावर घेतले पाहिजे.